केळं झाडाचं की जमिनीचं?

मलीद्याचं ताट मांडून झालं की घरातल्या मुलांना पहिला गोंधळ पडतो तो केळ्याचा. परातीत भिजवून मोकळे केलेले पोहे, त्यांत खवलेला ओला नारळ, साखर, वेलची, बदामाचे काप, बेदाणे. त्या ढिगाभोवती खजूर, केळी, सफरचंद आणि बाजारात मिळतील ती फळं. शेजारी गुलाबाचं एखादं फूल. एलियाहू हन्नबीची, म्हणजे प्रेषित एलियाची, गाणी म्हणून झालेली असतात आणि मुलांचा हात परातीकडे चाललेला असतो. पण तोंडात काही टाकण्याआधी प्रत्येक पदार्थाचा आशीर्वाद वेगळा म्हणायचा असतो. खजुराला झाडाच्या फळाचा. केळ्याला मात्र जमिनीच्या पिकाचा. पोह्यांचा आणखी निराळा, आणि फुलाच्या वासाचासुद्धा एक.

केळीच्या झाडावर लागलेलं केळं जमिनीचं कसं, हा प्रश्न ठाण्याच्या फ्लॅटमधल्या आठ वर्षांच्या मुलाला पडतो. अलिबागेकडच्या त्याच्या आजीला पडत नाही. घड उतरवला की केळ तोडावीच लागते, तो बुंधा काही पुन्हा फळ धरत नाही, बुडातून नवं पिलू वर येतं. वर्षानुवर्षं उभं राहून पुन्हा फळतं तेच झाड, बाकी सगळं जमिनीचं पीक. हा निवाडा ज्यू धर्मशास्त्राचा आहे, पण तो समजायला कोकणातलं परसू पुरतं.

बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या मराठी ज्यूंच्या, मुलांचं धर्मशिक्षण पिढ्यान्‌पिढ्या असंच झालं आहे. परसात, स्वयंपाकघरात, खाण्याच्या आणि न खाण्याच्या गोष्टींतून.

या समाजाची कुळकथा रायगड जिल्ह्यात अनेकांना ठाऊक असते. अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्याशी एक गलबत फुटलं, सात पुरुष आणि सात बायका वाचल्या, बाकीच्यांना तिथेच मूठमाती दिली. नवगावला आज त्यांचं स्मारक आहे. हे कधी घडलं याबद्दल अभ्यासकांचं एकमत नाही आणि कथेत इतिहास किती यावर वाद आहेत. वाद नसलेली गोष्ट एवढीच, की हे लोक शतकानुशतकं कोकणच्या गावांत तेलाचे घाणे चालवत राहिले, मराठी बोलत राहिले, आणि पेणकर, किहीमकर, दिवेकर, राजपूरकर, झिराडकर, वाकरूळकर अशी गावांची नावं लावत राहिले. शनिवारी त्यांचा घाणा बंद. म्हणून गावानं त्यांना नाव दिलं ‘शनिवार तेली’. ज्यू हा शब्द गावाला माहीत नव्हता, आणि आपल्याला जगात कुठे ज्यू म्हणतात हे बहुधा त्यांनाही नव्हतं.

त्यांच्याकडे ग्रंथ नव्हता. धर्मगुरू नव्हता. हिब्रूतलं उरलं होतं ते ‘शमा’ या प्रार्थनेचं पहिलं वाक्य, आणि तेच सुंतेला, लग्नाला, मयताला, सगळीकडे म्हटलं जाई. पण मुलाची आठव्या दिवशी सुंता व्हायची, शनिवारी काम व्हायचं नाही, आणि खवलं नसलेली मासळी घरात यायची नाही. समुद्रकिनाऱ्यावर राहून कोळंबी आणि खेकडा वर्ज्य करणं ही काय शिक्षा आहे, ते अलिबाग-रेवदंड्याच्या माणसालाच विचारावं.

दावीद राहबी नावाचा एक बाहेरचा ज्यू या भागात आला तेव्हाची गोष्ट समाजात आवडीनं सांगतात. तो नेमका कधी आला, कुठून आला यावरही मतभेद आहेत. हे लोक आपलेच की काय असा संशय त्याला आला आणि त्यानं परीक्षा घेतली. बायकांपुढे सगळ्या जातीची मासळी एकत्र टाकली आणि म्हणाला, रांधा. बायकांनी खवलं आणि पर असलेले मासे निवडून घेतले, उरलेले बाजूला सारले. राहबीची खात्री पटली. मग त्यानं तिघा जणांना शिकवून तयार केलं, त्यांना ‘काजी’ म्हणू लागले.

कथा खरी असो वा रचलेली, तिच्यातला परीक्षक चतुर आहे. त्यानं पुरुषांना प्रार्थना म्हणून दाखवायला सांगितलं असतं तर अख्खा समाज नापास झाला असता. त्यानं प्रश्नपत्रिका पाटावरवंट्याशी नेली.

सणांची जुनी नावं ऐकली तरी हेच दिसतं. हाईम सॅम्युअल किहीमकर यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आपल्या समाजाचा इतिहास लिहून ठेवला, तो छापला गेला १९३७ साली. त्यात ही नावं येतात. रोश हशाना, म्हणजे नवं वर्ष, हा ‘नव्याचा सण’. त्याच्या पाठोपाठ ‘खिरीचा सण’. योम किप्पुर, दिवसभर दारं लावून उपास करायचा, म्हणून ‘दारफळणीचा सण’. त्याच्या दुसऱ्या दिवशी ‘शिळा सण’. पुरीम म्हणजे ‘होळीचा सण’. यरुशलेमचं मंदिर पडलं त्याच्या शोकाचा उपास, तो ‘बिरड्याचा रोजा’. दोन हजार वर्षांपूर्वीच्या मंदिराचं दुःख वालाच्या बिरड्यात साठवून ठेवणारा समाज जगात दुसरा नसेल. आणि त्या ‘रोजा’ शब्दात शेजारचे मुसलमानही येऊन बसले आहेत.

पुरीमला होळी म्हणण्यात नुसती शेजारधर्माची सोय नव्हती. दोन्ही सण पौर्णिमेचे, अदार महिन्याची आणि फाल्गुनाची पौर्णिमा पुष्कळदा एकच. ज्यू पंचांगही आपल्यासारखंच चंद्राच्या महिन्यांवर चालतं आणि सूर्याशी जमवून घ्यायला अधिक महिना घालतं, एकोणीस वर्षांत सात वेळा. तिथे अधिक महिना नेहमी अदारचाच. ज्या मुलाला घरात अधिक मास आणि शेजारच्यांकडे अधिक मास ऐकू येतो, त्याला ही दोन जगं फार लांबची वाटत नाहीत.

ग्रंथ आले ते एकोणिसाव्या शतकात, आणि तेही वाकड्या वाटेनं. समाजाचं पहिलं सिनेगॉग मुंबईत १७९६ साली उभं राहिलं. बांधणारे सामाजी हसाजी दिवेकर, म्हणजे सॅम्युअल इझिकेल. कोकणात सॅम्युअलचा सामाजी आणि इझिकेलचा हसाजी झाला होता. त्या सिनेगॉगला लोक ‘जुनी मशीद’ म्हणत आणि मस्जिद बंदर स्टेशनाचं नाव तिच्यावरूनच पडलं असं सांगतात. मुलांना शिकवायला कोचीनचे ज्यू आले, आणि त्याच सुमारास मिशनरीही आले. स्कॉटिश मिशनरी जॉन विल्सन यांनी १८३२ मध्ये मराठीतून हिब्रूचं व्याकरण लिहिलं ते याच लोकांसाठी. हेतू उघड होता. आपला जुना करार वाचता आला की नवा करारही पटेल, असा हिशेब. बेने इस्राएलांनी व्याकरण घेतलं, मराठी बायबलमधल्या मोशे-योसेफाच्या गोष्टी घेतल्या, मुलं शाळांत धाडली, आणि मोजके अपवाद सोडता ज्यूच राहिले. उलट अधिक पक्के झाले. मिशनऱ्यांच्या कष्टांचं इतकं चोख फळ दुसऱ्या कुणाला क्वचितच मिळालं असेल.

पुढच्या दोन पिढ्यांची धडपड पाहिली की मुलांना धर्म शिकवणं अवघड झालं आहे ही आजच्या पालकांची तक्रार थोडी मवाळ व्हावी. जोसेफ इझिकेल राजपूरकर यांनी प्रार्थनेची पुस्तकं एकामागून एक मराठीत आणली. १८७५ साली किहीमकर आणि मंडळींनी मुंबईत इझ्रायलाइट स्कूल काढलं. तीच पुढे माझगावची सर एली कदुरी शाळा. १९२२ पासून १९५० पर्यंत तिच्या मुख्याध्यापिका होत्या रिबेका रुबेन. आणि शाळेत न बसणाऱ्यांसाठी? हिंदू कीर्तनं ऐकून बेंजामिन शिमशोन अष्टमकर आणि त्यांच्या सोबत्यांना वाटलं, अब्राहामाचं आख्यान असं का लावू नये. १८८० साली त्यासाठी कीर्तनोत्तेजक मंडळ निघालं. पूर्वरंग-उत्तररंग, साकी, दिंडी, सगळा सरंजाम मराठी कीर्तनाचा, आणि आख्यान मोशेचं. आजी, सून, नातू एकाच सतरंजीवर बसून ऐकत.

या सगळ्या छापील पसाऱ्यात पुण्याला १८७४ साली निघालेलं एक पुस्तक निराळं आहे. ती हग्गादा. पेसाह, म्हणजे इजिप्तच्या गुलामीतून सुटकेचा सण, त्याच्या पहिल्या रात्री जेवणाच्या वेळी घरात वाचायची पोथी. हिब्रू आणि मराठी शेजारीशेजारी. चित्रंही आहेत. साडी नेसलेल्या बायका जमिनीवर बसून बिनखमिराच्या पोळ्या करताहेत. इजिप्तहून निघालेल्या लोकांची कहाणी आणि पुण्याच्या ओसरीवरच्या बायका एकाच पुस्तकात. चित्रकाराला त्यात विसंगती वाटली नाही, वाचणाऱ्यांनाही वाटली नसावी.

हग्गादेची रचना मात्र जगभर एकच. आधी घरातलं सगळ्यात लहान मूल चार प्रश्न विचारतं: आजची रात्र वेगळी का, आज पोळीला खमीर का नाही, आज कडू भाजी का, अशा धर्तीचे. त्यानंतर मोठ्यांनी तोंड उघडायचं. पुढची सगळी कथा म्हणजे त्या पोरानं विचारलं म्हणून दिलेलं उत्तर. मुलांनी प्रश्न विचारावेत म्हणून त्या रात्री मुद्दाम काहीतरी विचित्र करावं, असं जुने शास्त्री सांगतात. आपल्याकडे ‘मध्ये मध्ये बोलू नकोस’ ऐकून मोठ्या झालेल्या पिढ्यांना हे अवघड वाटेल. पण मोठ्यांची बोलती मुलाच्या प्रश्नावाचून सुरूच होऊ नये, अशी तरतूद करून ठेवलेला हा सण आहे.

आजच्या पालकांची अडचण नेमकी इथे सुरू होते. शनिवार तेल्याच्या पोरानं घाणा का बंद असं विचारलं असेल, तर ‘आपल्यात चालवत नाहीत’ एवढं उत्तर पुरत होतं. मागे सगळी आळी होती. आज ठाण्यात किंवा भायखळ्यात तसं उत्तर देऊन भागत नाही, कारण वर्गात तो एकटाच असतो. स्वातंत्र्याच्या सुमारास देशात बेने इस्राएलांची संख्या वीस हजारांच्या आसपास होती. १९४८ ला इस्रायल झालं आणि निम्म्याहून कितीतरी अधिक लोक हळूहळू तिकडे गेले. आता सगळ्या भारतात मिळून ज्यू पाच हजारांच्या आत. त्यांतले बहुतेक मुंबई-ठाणे परिसरात.

वर्गात हजेरी घेताना सॅम्युअल किंवा सारा हे नाव आलं की शेजारचा मुलगा विचारतो, ख्रिश्चन का? नाही म्हटलं तर, मग मुसलमान? तेही नाही म्हटलं, की ज्यू म्हणजे काय ते सांगत बसायचं, आणि सांगून झालं की समोरच्याला हिटलर आठवतो. कोकणात ज्यांच्या वाट्याला सुदैवानं छळ आलाच नाही, त्या समाजातल्या मुलाला आपली ओळख दुसऱ्या खंडातल्या छळाच्या आधारानं करून द्यावी लागते. निस्सीम इझिकेल यांनी ‘बॅकग्राउंड, कॅज्युअली’ या कवितेत रोमन कॅथलिक शाळेतल्या ज्यू पोराचे हाल मांडले आहेत. त्यांचे वडील विल्सन कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवत, आईही शिक्षणातली. घर सुशिक्षित असलं म्हणून वर्गातला एकटेपणा टळत नाही. २०१६ साली महाराष्ट्र सरकारनं ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा दिला. निदान सरकारदरबारी या लोकांना ‘इतर’ म्हणवून घ्यायची पाळी राहिली नाही.

बाकी तडजोडी घराघरांत चालू आहेत. शनिवारी शाळा, क्लास, क्रिकेटचा सराव, मोठ्यांची ऑफिसं. दिवसभराचा शब्बाथ पाळणं पुष्कळांना जमत नाही. मग शुक्रवारची संध्याकाळ तरी घट्ट धरायची. सूर्य बुडायच्या आत दिवे लागतात. काळ्या मनुका भिजत घातलेल्या असतात. त्या कुस्करून, गाळून केलेलं शरबत पेल्यात ओततात आणि त्यावर किद्दुशची प्रार्थना होते. कोकणात कोशेर वाइन कुठून आणायची, म्हणून काढलेली ही युक्ती. शास्त्राला ती चालते आणि मुलांना तर वाइनपेक्षा बरी. मग चपातीचा किंवा पावाचा तुकडा मीठ लावून सगळ्यांच्या हातावर. सगळा कार्यक्रम अर्ध्या तासाचा. त्या अर्ध्या तासात मोबाइल बाजूला ठेवा, एवढं सांगायला आई-बापांना धर्मशास्त्राचा आधार मिळतो, तो इतर घरांना मिळत नाही.

मटणाच्या जेवणावर आइस्क्रीम नाही, ही गोष्ट मात्र मित्राच्या वाढदिवसाला जड जाते. मांस आणि दूध एका जेवणात येता कामा नये हा नियम. त्यातून एक फायदाही झाला आहे. बेने इस्राएल सुगरणीचं गोडाधोडाचं सगळं कौशल्य नारळाच्या दुधात उतरलं. नव्या वर्षाचा चिकाचा हलवा त्यातलाच. गहू भिजवून, वाटून त्याचा चीक काढायचा, तो नारळाच्या दुधात आणि साखरेत शिजवत हात न थांबवता घोटत राहायचं. थांबलं की गुठळ्या. वड्या थाळ्यात थापून बदाम-पिस्ते लावेपर्यंत घरातलं प्रत्येक जण एकदा तरी पळीला हात लावून जातं. नव्या वर्षाची हिब्रू प्रार्थना मुलाला पाठ नसेल, पण हलवा कडेनं सुटू लागला की उतरवायचा हे त्याला कळतं.

आंतरधर्मीय लग्नं होतात. ज्यू कायद्यानं आई ज्यू तर मूल ज्यू, त्यामुळे सून बाहेरची आली की प्रश्न, आणि जावई बाहेरचा असला तर तेवढा नाही. नियम जुना आहे. मुलाला तो समजावून सांगायची वेळ आली, की मोठ्यांनाच घाम फुटतो. समाज लहान, वरसंशोधन अवघड, आणि मुलं आपापल्या कॉलेजांत आणि ऑफिसांत आपली माणसं शोधतात. यावर नाक मुरडण्यात अर्थ नाही. ज्या समाजाच्या बायकांनी मंगळसूत्र आणि मेंदी आपलीशी केली, त्याला सरमिसळीची भीती शिकवणं थोडं उशिराचंच आहे.

इस्रायलला गेलेल्यांचा प्रश्न उलटा झाला. तिथे शनिवारी सगळा देशच बंद. ज्यू म्हणजे काय, हे मुलाला वर्गात सांगावं लागत नाही. पण तिथे पोचल्यावर मोठ्यांना वेगळीच परीक्षा द्यावी लागली. १९६२ साली मुख्य धर्मपीठानं फतवा काढला, की बेने इस्राएलांनी इतर ज्यूंशी लग्न करायचं असेल तर त्यांच्या मागच्या पिढ्या तपासाव्यात. कोकणात जन्मलेल्या, आयुष्यभर कोळंबी न खाल्लेल्या बाईला तिच्या पणजीचा पुरावा मागण्यात आला. लोक चिडले. १९६४ च्या उन्हाळ्यात यरुशलेममध्ये धरणं धरून बसले, देशभर बोभाटा झाला, संसदेत विषय गेला, आणि ऑगस्टअखेर फतव्यातून बेने इस्राएल हे नाव निघालं. राहबीची परीक्षा मासळीवर सुटली होती, ही सुटायला सत्याग्रहाचं वळण घ्यावं लागलं.

आता दिमोना, अश्दोद, बीरशेबा, लोद या गावांत तिसरी-चौथी पिढी आहे. आजी मराठीत बोलते, नातू हिब्रूत उत्तर देतो. नोहा मास्सील यांच्यासारखे कवी तिथून मराठीतलं ‘मायबोली’ नियतकालिक काढत आले. ते वाचणारे मात्र बहुतेक आजी-आजोबांच्या वयाचे. ठाण्यात मुलाला मराठीतून ज्यूपण शिकवायचं, दिमोनात ज्यू मुलाला मराठीपण. आणि गंमत अशी, की दोन्हीकडे परात तीच लागते. दिमोनात घरभरणीला, लष्करातून मुलगा सुखरूप परतला म्हणून, नवस फेडायला मलीदा होतो. पोहे भिजवणं हीच त्या नातवाची मराठीची शिकवणी. मागे कोकणात या परातीनं ज्यूपण सांभाळलं, तिकडे आता ती कोकण सांभाळते आहे.

इकडे कोकणात मुलांचाच तुटवडा आहे. रेवदंडा, पोयनाड, पेण, अलिबाग, पनवेल, जिथे तिथे एकोणिसाव्या शतकातली सिनेगॉगं उभी आहेत. सामुदायिक प्रार्थनेला तेरा वर्षांवरचे दहा पुरुष लागतात, आणि लहान गावांत ते जमणं कठीण. एस्थर डेव्हिड यांची ‘द बुक ऑफ रॅचेल’ ही कादंबरी अलिबागजवळच्या दांडा गावात घडते. मुलं इस्रायलला गेलेली, मागे एकटी राहिलेली रॅचेल गावातल्या सिनेगॉगची झाडलोट करते आणि ती जागा गिळायला निघालेल्यांशी भांडते. कादंबरीला २०१० चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. तिचं प्रत्येक प्रकरण एका पाककृतीनं सुरू होतं, आणि त्या पाककृती वाचताना जाणवतं की रांधणारी एक आहे, जेवणारं कुणी नाही.

पेसाहच्या रात्रीचे चार प्रश्न अशा घरात विचारणार कोण? ही शंका जुनी आहे आणि तालमुदात तिचा निकालही लावून ठेवलेला आहे. घरात मूल असेल तर मुलानं विचारायचं. मूल नसेल तर बायकोनं. आणि माणूस एकटाच असेल, तर त्यानं ते प्रश्न मोठ्यानं स्वतःला विचारायचे.